बँकॉकमध्ये एक पूर्ण दिवस गाइडबरोबर: बुकिंगपासून रात्रीच्या जेवणापर्यंत

मुंबईहून बँकॉकला जाणाऱ्या बहुतेक पॅकेजमध्ये ‘सिटी टूर’ असते आणि ती साधारण अर्ध्या दिवसाची असते. नाश्ता उरकला की बस निघते, एखाद-दुसरं मंदिर दाखवते, रत्नांच्या भल्यामोठ्या दुकानात तासभर थांबते आणि जेवायला इंडियन रेस्टॉरंटच्या दारात सोडते. राजवाडा त्यात बहुधा नसतो, कारण त्याचं तिकीट महाग आणि कपड्यांचे नियम कडक. नदी पुलावरून जाताना दिसेल तेवढीच. हे शहर ज्या नदीकाठी वसलं तो भाग राहून जातो आणि माणसं मॉल, सफारी, पट्टाया करून घरी येतात.

माझं म्हणणं असं की बँकॉकला जाणारच असाल, तर एक अख्खा दिवस जुन्या शहरासाठी राखा, परवानाधारक गाइड घ्या आणि ठिकाणं कमी ठेवा. राजवाडा, वाट फो, वाट अरुण (‘वाट’ म्हणजे थाय भाषेत मंदिर) आणि पलीकडच्या काठाचे कालवे. ही चार ठिकाणं एकाच गोष्टीचे तुकडे आहेत. १७६७ मध्ये ब्रह्मी फौजेने अयुध्या ही जुनी राजधानी उद्ध्वस्त केली. त्यानंतर राजा ताकसिनने चाओ फ्राया नदीच्या पश्चिम काठावर थोनबुरीला राजधानी वसवली आणि १७८२ मध्ये पहिला राम या राजाने ती नदीपलीकडे, पूर्व काठावर आणली. आजचा राजा त्याच चक्री घराण्यातला दहावा राम. या सगळ्या खुणा नदीच्या एका छोट्याशा पट्ट्यात आहेत, त्यामुळे दिवसभरात ट्रॅफिकमध्ये न अडकता त्या पाहून होतात.

दिवस कोणता निवडायचा

बँकॉकमध्ये उतरल्याच्या दिवशी ही टूर ठेवू नका. विमान रात्रीचं असतं, झोप झालेली नसते आणि घड्याळ दीड तास पुढे गेलेलं असतं, म्हणजे तिथले सकाळचे आठ हे आपल्या शरीराला साडेसहा वाटतात. दुसरा किंवा तिसरा दिवस उत्तम. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हवा बरी असते. मार्च ते मे उन्हाचा तडाखा फार, आणि मंदिरांच्या फरसबंद आवारात सावली कमी. त्या दिवसांत जाणार असाल तर पुढे दिलेलं वेळापत्रक आणखी काटेकोर पाळा. पावसाळ्यात दुपारनंतर जोराची सर येते, तासाभरात उघडते. छत्री जवळ असली की भागतं. १३ ते १५ एप्रिल हा सोंगक्रानचा सण. पाण्याची मजा अनुभवायची असेल तर जरूर जा, पण ही टूर त्या तीन दिवसांत करू नका.

जमलं तर सोमवार ते शुक्रवारमधला दिवस घ्या. राजवाड्याच्या तिकिटातच ‘खोन’ या मुखवटे घालून केल्या जाणाऱ्या नृत्यनाट्याचा छोटा प्रयोग पाहायला मिळतो, आणि तो शनिवार-रविवारी नसतो. त्याबद्दल पुढे सांगतो.

आणखी एक गोष्ट तपासा. राजवाडा एरवी रोज उघडा असतो, पण राजघराण्याचा एखादा विधी असेल तर काही भाग किंवा पूर्ण आवार बंद राहतं. राजघराण्यातल्या व्यक्तीचं निधन झालं की पार्थिव आतल्या दुसित महाप्रासादात ठेवतात आणि देशभरातून लोक दर्शनाला येतात. राजमाता सिरिकित यांचं ऑक्टोबर २०२५ मध्ये निधन झालं तेव्हाही असंच झालं. म्हणून आदल्या दिवशी राजवाड्याच्या अधिकृत संकेतस्थळावर एक नजर टाकाच.

टूर निवडताना आणि पैसे भरण्याआधी

टूर दोन प्रकारच्या मिळतात. जॉइंट टूरमध्ये वेगवेगळ्या हॉटेलांतून माणसं गोळा करत गाडी फिरते. तुमचा पहिला पिकअप असेल तर तासभर गाडीतच जातो. त्यापेक्षा ज्या टूरमध्ये सगळ्यांनी एका ठरलेल्या ठिकाणी, बहुधा सफान ताकसिन स्टेशनजवळच्या साथोर्न धक्क्यावर किंवा सनाम चाय मेट्रो स्टेशनवर जमायचं असतं, ती घ्या. दुसरा प्रकार खासगी गाइडचा. चार-पाच जणांचं कुटुंब असेल तर माणशी हिशोबात दोन्हींत फारसा फरक उरत नाही, आणि आजी-आजोबांना कुठे बसायचं, मुलांना कधी खायला द्यायचं हे तुमच्या हातात राहतं. माझं मत स्पष्ट आहे: कुटुंबासाठी खासगी गाइड घ्या, पण गाडीशिवाय. या भागात गाडी मदतीपेक्षा खोळंबाच जास्त करते.

थायलंडमध्ये गाइडचं काम करण्याचा हक्क फक्त थाय नागरिकांना आहे आणि त्यांनाही सरकारी परवाना लागतो. तो गळ्यातल्या ओळखपत्रावर दिसतो. त्यामुळे आपल्याकडच्या ग्रुपबरोबर गेलेला मराठी टूर लीडर कितीही जाणकार असला तरी राजवाड्यात उभं राहून माहिती सांगणं त्याला नियमाने करता येत नाही. अशा ग्रुपमधून जाणार असाल तर एक करा. आदल्या रात्री हॉटेलात किंवा सकाळी बसमध्ये त्याच्याकडून रामकियनची, म्हणजे थाय रामायणाची गोष्ट मराठीत ऐकून घ्या. दुसऱ्या दिवशी थाय गाइडचं इंग्रजी कळायला त्याचा फार उपयोग होतो. आपल्या कानाला ते उच्चार सुरुवातीला अवघड जातात.

पैसे भरण्याआधी कंपनीला लेखी विचारा, म्हणजे उत्तरही लेखी मिळतं. तिन्ही ठिकाणांची तिकिटं किमतीत धरली आहेत का? राजवाड्यात आत गाइड येणार की फक्त दारापर्यंत सोडणार? वाटेत रत्नं, चामडं किंवा रेशमाच्या दुकानात थांबा आहे का, आणि असेल तर तो वगळता येईल का? कालव्यांची फेरी आमच्या वेगळ्या बोटीतून की इतरांबरोबर? जेवण शाकाहारी हवं असेल तर त्यात मासळीचा सॉसही चालणार नाही हे गाइडला आधी कळवाल का? दुकानाच्या थांब्याबद्दल गोलमोल उत्तर आलं तर दुसरी कंपनी पाहा. टूर फार स्वस्त असते तेव्हा उरलेले पैसे बहुधा त्या दुकानाच्या कमिशनमधून निघतात, आणि त्यात तुमचा सकाळचा सगळ्यात चांगला वेळ खर्च होतो.

तिकिटांचा हिशोब आधी डोक्यात असू द्या. सध्या परदेशी पाहुण्यांसाठी राजवाडा ५०० बात, वाट फो ३०० आणि वाट अरुण २०० बात, म्हणजे माणशी १००० बात. एक बात साधारण अडीच ते तीन रुपयांच्या मध्ये असतो. राजवाड्यात आणि वाट फोमध्ये १२० सेंटिमीटरपेक्षा कमी उंचीच्या मुलांना तिकीट नाही. दर अधूनमधून वाढतात, तेव्हा थोडे पैसे हाताशी जास्त ठेवा, आणि रोख ठेवा. नावेत आणि रस्त्यावरच्या खाण्याला रोखच बरी पडते.

थायलंडला निघण्यापूर्वी ऑनलाइन ‘डिजिटल अरायव्हल कार्ड’ भरावं लागतं, हेही इथेच सांगून ठेवतो. मे २०२५ पासून ते सक्तीचं आहे, पोहोचण्याच्या आधीच्या तीन दिवसांत भरायचं आणि ते मोफत आहे. त्यासाठी पैसे मागणारी संकेतस्थळं टाळा. व्हिसाचा नियम मात्र तिकीट काढण्याच्या दिवशी थाय दूतावासाच्या संकेतस्थळावरच पाहा.

आदल्या रात्री: कपडे आणि पिशवी

राजवाड्याच्या दारातून परत पाठवलेली माणसं रोज दिसतात, आणि कारण एकच असतं, कपडे. खांदे आणि गुडघे पूर्ण झाकलेले हवेत. अर्धी चड्डी, थ्री-फोर्थ, बिनबाह्यांचा टॉप, फाटकी जीन्स, पारदर्शक कापड आणि अंगाला घट्ट चिकटणाऱ्या लेगिंग्ज चालत नाहीत. बिनबाह्यांच्या कुर्त्यावर ओढणी घेऊन निभेल या भरवशावर जाऊ नका. सुती सलवार-कमीज किंवा सैल पॅंट आणि अर्ध्या बाह्यांचा कुर्ता सर्वांत सोयीचा. साडी नेसून जाणाऱ्या बायकांनी ब्लाउजला बाह्या आहेत एवढं पाहावं. पुरुषांना सुती फुल पॅंट आणि साधा शर्ट पुरे. ऐन वेळी अडचण आलीच तर समोरच्या दुकानांत हत्तीच्या छापाच्या सैल पॅंट मिळतात.

पायात सहज काढता-घालता येणारी चप्पल किंवा सँडल असू द्या, दिवसभरात अनेकदा काढावी लागते. उन्हाने तापलेल्या फरशीसाठी पातळ मोजे जवळ ठेवा. टोपी, पाण्याची बाटली, ओआरएसची पाकिटं, पासपोर्टची झेरॉक्स आणि मोबाइलमध्ये मूळ पासपोर्टचा फोटो. बस्स, एवढंच. मोठी सॅक हॉटेलात ठेवा.

सकाळी: सव्वाआठला दारात

राजवाडा साडेआठला उघडतो आणि तिकीट खिडकी दुपारी साडेतीनला बंद होते. मोठ्या बसगाड्या नऊ-साडेनऊला येऊ लागतात. म्हणून सव्वाआठला ना फ्रा लान रस्त्यावरच्या प्रवेशद्वाराशी पोहोचलेलं असणं हीच या दिवसाची किल्ली. हा अर्धा-पाऊण तास चुकला की पुढचं सगळं गर्दीत पाहावं लागतं.

सुखुमवितला उतरला असाल, जिथे बहुतेक भारतीय उतरतात, तर मेट्रोच्या निळ्या मार्गाने सुखुमवित स्टेशनवरून थेट सनाम चायला या. तिथून राजवाड्याचं दार वीस मिनिटं चालत. स्काय ट्रेन जवळ असेल तर सफान ताकसिनला उतरा, खालीच साथोर्न धक्का आहे. नारिंगी झेंड्याची नाव साध्या प्रवासी वाहतुकीची, तिकीट फक्त १६ बात. निळ्या झेंड्याची पर्यटकांसाठी, महाग आणि सकाळी उशिरा सुरू होणारी. नारिंगी नावेने ता चांग धक्क्यापर्यंत जाता येतं आणि राजवाडा तिथून समोरच. मला नावेचा मार्ग जास्त आवडतो. शाळेच्या गणवेशातली मुलं आणि ऑफिसला निघालेली माणसं यांच्यात उभं राहून नदीवरून त्या शहरात शिरण्यात वेगळा आनंद आहे. नावेत भिक्खूंसाठी राखीव जागा असते, तिथे उभं राहू नका. बायकांनी भिक्खूंना स्पर्श होणार नाही याची काळजी घ्यावी.

गाइडला भेटण्याआधी रस्त्यात कुणी नीटनेटके कपडे घातलेला गृहस्थ हसून म्हणाला की आज बौद्ध सण आहे, राजवाडा दुपारपर्यंत बंद, तोवर वीस बातमध्ये टुकटुकने दुसरी मंदिरं दाखवतो, तर हात जोडून पुढे चला. ती टुकटुक रत्नांच्या नाहीतर शिंप्याच्या दुकानात जाते. गाइड बरोबर असला की हे लोक जवळ येत नाहीत. अडचण आलीच तर पर्यटक पोलिसांचा नंबर ११५५ आहे.

राजवाडा: रामकियनच्या भिंतींना वेळ द्या

या आवारात किमान अडीच तास धरा. बहुतेक गाइड दीड तासात उरकतात: सोनेरी स्तूप, फोटो, पन्न्याचा बुद्ध, फोटो, महाल, बाहेर. सुरुवातीलाच त्याला सांगा, ‘आम्हाला भित्तिचित्रांसाठी अर्धा-पाऊण तास हवा.’ मराठी माणसाला या राजवाड्यात सगळ्यात जवळचं असं जे काही आहे, ते त्या भिंतींवर आहे.

वाट फ्रा काएव या राजमंदिराभोवती ओवऱ्या आहेत आणि त्यांच्या आतल्या भिंतींवर १७८ भागांत अख्खं रामकियन रंगवलेलं आहे. सुरुवात उत्तरेच्या दाराशी होते, नांगराच्या तासात जनकाला सीता सापडते तिथून, आणि गोष्ट प्रदक्षिणेच्या दिशेने पुढे सरकते. म्हणून उलट्या बाजूने चालू नका. राम म्हणजे फ्रा राम, लक्ष्मण फ्रा लक, रावण तोत्सकान म्हणजे दशकंठ. हनुमान पांढराशुभ्र, दागिन्यांनी मढलेला. इथला हनुमान ब्रह्मचारी नाही, हे आधीच माहीत असलेलं बरं. सेतू बांधताना दगड पळवणाऱ्या मासोळ्यांची राणी सुवर्णमच्छा ही तोत्सकानची मुलगी. हनुमान तिच्या प्रेमात पडतो आणि त्यांना मुलगा होतो. सीताही इथे तोत्सकानचीच मुलगी, लहानपणी टाकून दिलेली.

एका चित्रापाशी मात्र हमखास थांबा. हनुमान डोंगराएवढा होऊन बसलाय, त्याचा जबडा उघडा आहे आणि त्या जबड्यात रामाचा मंडप आहे. पाताळाचा राजा मैयराप रामाला पळवून न्यायला येणार म्हणून हनुमानाने मंडपच तोंडात धरलाय. मैयराप सगळ्या सैन्याला गुंगी आणतो आणि रामाला घेऊन जातोच. मग हनुमान पाताळात उतरतो, आणि वाटेत त्याला अडवणारा पहारेकरी त्याचाच मुलगा निघतो, धड वानराचं आणि शेपूट माशाचं. सांगलीकडच्या एका ग्रुपमधल्या आजी त्या चित्रापुढे गाइडचं इंग्रजी अर्धवट ऐकत उभ्या होत्या. एकदम नातीचा हात दाबून म्हणाल्या, “अगं, हा तर अहिरावण-महिरावण! आणि तो मकरध्वज!” गाइडला काही कळेना. नातीने सांगितल्यावर तो इतका खूश झाला की पुढची सगळी भिंत त्याने आजींना विचारत विचारत दाखवली. तुमच्या घरातल्या ज्येष्ठांना ही टूर दमवणारी होईल म्हणून हॉटेलात ठेवायचा विचार असेल, तर निदान सकाळचा हा भाग तरी त्यांना दाखवा. इथे घरात सगळ्यात जास्त कळणार आहे ते त्यांनाच.

दारांवर उभे असलेले प्रचंड यक्षही त्याच कथेतले आहेत. हिरवा, माथ्यावर मुखांची चळत असलेला, तो तोत्सकान.

मधल्या उपोसथागारात, म्हणजे मुख्य प्रार्थनागृहात, पन्न्याचा बुद्ध आहे. नावात पन्ना असला तरी मूर्ती हिरव्या जेड दगडाची, फक्त ६६ सेंटिमीटरची, उंच सिंहासनावर. चप्पल बाहेर, आत फोटो नाही, टोपी काढायची. बसताना पाय मूर्तीकडे करू नका, मागे दुमडून बसा, आणि उंबरठ्यावर पाय न देता ओलांडून जा. उन्हाळा, पावसाळा आणि हिवाळा असे तीन सोन्याचे पोशाख या मूर्तीला आहेत आणि ते बदलण्याचा मान राजाचा. पंढरपुरात उन्हाळ्यात विठोबाला चंदनाची उटी लावतात, त्यामागे जी माया आहे तीच इथेही दिसते. दोन मिनिटांत बाहेर पडण्याची घाई करू नका. खाली बसा, बाहेरच्या उन्हातून आलेल्या डोळ्यांना मूर्ती नीट दिसायला वेळ लागतो.

त्याच ओट्यावर अंकोरवाटची प्रतिकृती आहे, चौथ्या रामाच्या हुकमावरून केलेली. पुढे चक्री महाप्रासाद, १८८२ साली पूर्ण झालेला, खाली युरोपीय थाटाची इमारत आणि वर थाय छपरं. बहुतेक महाल बाहेरूनच पाहायचे असतात, तिथे वीस मिनिटं पुरेत. राजघराण्याबद्दल थट्टामस्करी, अगदी आपापसात मराठीतही, करू नका. तिथला कायदा याबाबत कडक आहे, आणि लोकांच्या भावना त्याहून नाजूक.

वाट फो आणि दुपारचं जेवण

राजवाड्यातून बाहेर पडलं की भिंतीच्या कडेकडेने दक्षिणेला दहा-पंधरा मिनिटं चालत वाट फो. पहुडलेला बुद्ध ४६ मीटर लांब आणि १५ मीटर उंच आहे. मंडप त्याच्या मानाने अरुंद, त्यामुळे पूर्ण मूर्ती एका फोटोत बसत नाही. पायांकडून घेतलेला फोटो चांगला येतो. तळपायांवर शिंपल्यांच्या चमकदार तुकड्यांत जडवलेली १०८ मंगलचिन्हं आहेत, ती ओळखायला गाइडला सांगा. मागच्या बाजूला ओळीने १०८ काशाची भांडी मांडलेली आहेत. वीस बात देऊन सुट्या नाण्यांची वाटी घ्यायची आणि एकेका भांड्यात नाणं टाकत जायचं. मुलांना हे फार आवडतं.

बहुतेक लोक मूर्ती पाहून निघतात. तसं करू नका. आवारात पहिल्या चार राजांचे रंगीत चिनी मातीने मढवलेले स्तूप आहेत, आणि भिंतींवर औषधं, शरीरशास्त्र आणि मालिश यांचं ज्ञान कोरलेले शिलालेख आहेत. तिसऱ्या रामाने ते करवून घेतले, सामान्य माणसाला वाचता यावेत म्हणून. युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदीत त्यांना स्थान आहे. थाय मालिशची शाळाही इथेच, १९५५ पासूनची. सकाळभर उभं राहून पाय भरून आले असतील तर अर्ध्या तासाचं पायांचं मालिश इथे करून घ्या, मात्र मोठी रांग असेल तर गाइडकडून आधीच नंबर लावून ठेवा.

जेवणाचं मात्र नीट ठरवा, कारण शाकाहारी माणसाची फसगत इथेच होते. थाय स्वयंपाकात मीठाच्या जागी मासळीचा सॉस, ‘नाम प्ला’, पडतो. करीच्या वाटणात सुक्या कोळंबीची ‘कपी’ असते. भाजी नुसती भाजीच दिसली तरी त्यात ऑयस्टर सॉस असू शकतो, आणि कच्च्या पपईच्या कोशिंबिरीत सुकट. ‘व्हेज’ एवढं म्हणून भागत नाही. ‘जे’ हा शब्द लक्षात ठेवा. पिवळ्या पाटीवर लाल अक्षरांत तो लिहिलेला असतो, आणि तिथे मांस-मासे तर नाहीतच, पण अंडं, दूध, कांदा आणि लसूणही नसतं. जैन मंडळींनाही हे बरंच सोयीचं, कंदमुळांचं तेवढं विचारून घ्यावं. ‘जे’ची पाटी नसेल तिथे ‘मै साय नाम प्ला’, मासळीचा सॉस घालू नका, असं सांगा.

सोपा मार्ग हवा असेल तर सनाम चायवरून मेट्रोने एकच स्टेशन, साम योत. तिथून चालत फाहुरात, बँकॉकमधली जुनी भारतीय पेठ. कापडाची दुकानं, गुरुद्वारा, मिठाया आणि साधं पोळी-भाजीचं जेवण. जवळच साला चालेर्मक्रुंग हे १९३३ चं नाट्यगृह आहे आणि राजवाड्याच्या तिकिटातला खोनचा प्रयोग तिथेच होतो. अर्ध्या तासाच्या आतबाहेरचा हा प्रयोग जेवणानंतर वातानुकूलित जागेत बसून पाहिला की सकाळी भिंतीवर पाहिलेला पांढरा हनुमान समोर उड्या मारताना दिसतो. वेळा तिकिटावर किंवा नाट्यगृहाकडे विचारून घ्या आणि जेवण त्याप्रमाणे पुढेमागे करा. मांसाहारी मंडळींनी वाट फोजवळच्या ता तियेन धक्क्यापाशीच जेवून घ्यावं, जाण्यायेण्याचा वेळ वाचतो. आंब्याचा हंगाम असेल तर नारळाच्या दुधातला चिकट भात आणि आंबा सगळ्यांनीच खावा.

दुपारनंतर पलीकडचा काठ

ता तियेनहून वाट अरुणला जाणारी होडी पाच बातची. ती इतक्या थोड्या वेळात पलीकडे पोहोचते की बसायचीही गरज नाही. या मंदिराचं नाव आपल्या अरुणावरून. ताकसिनच्या काळात पन्न्याचा बुद्ध इथेच होता, १७८४ मध्ये तो नदीपलीकडे नव्या मंदिरात नेला. सकाळी जी मूर्ती पाहिली तिचं आधीचं घर आता पाहायचं, म्हणून हा क्रम मला योग्य वाटतो.

मधलं उंच शिखर लांबून करडं-पांढरं दिसतं. अगदी जवळ जा. सगळं अंग चिनी मातीच्या बश्या-वाट्यांच्या तुकड्यांचं आहे, प्रत्येक फूल वेगवेगळ्या बशीतून जुळवलेलं. कुठे निळी नक्षी अर्धीच आलेली, कुठे बशीचा काठ तसाच ठेवून त्याची पाकळी केलेली. ही भांडी चिनी जहाजांत वजनासाठी भरून येत. वर कोनाड्यात तीन सोंडांच्या ऐरावतावर इंद्र, आणि शिखराला आधार देणाऱ्या रांगांमध्ये यक्ष आणि वानर. पायऱ्या फार उभ्या आहेत. गुडघे दुखणाऱ्यांनी खालूनच पाहावं, वर गेल्याने कलाकुसर जास्त दिसते असं नाही. भाड्याचा थाय पोशाख घालून फोटो काढणाऱ्यांची इथे गर्दी असते. हौस असेल तर तासभर जास्तीचा धरा.

इथून पुढे लांब शेपटीच्या नावेतून थोनबुरीचे कालवे. नावेचं भाडं माणशी नसून नावेमागे असतं, म्हणून किती वेळ, कुठून कुठे आणि एकूण किती, हे गाइडकडून चढण्याआधी पक्कं करून घ्या. निदान तासभर तरी घ्या. अर्ध्या तासाच्या फेरीत नदीतून आत शिरायच्या दारांपाशीच वेळ जातो, तिथे पाण्याची पातळी सारखी होईपर्यंत थांबावं लागतं. आत गेल्यावर लाकडी घरं, पायरीवर भांडी घासणारी माणसं आणि काठावर ऊन खात पडलेल्या माणसाएवढ्या घोरपडी. वाट पाकनामचा ६९ मीटर उंच बसलेला बुद्ध घरांच्या वरून लांबूनच दिसतो. खलोंग बांग लुआंग या कालव्यावर थांबायला सांगा, तिथल्या जुन्या लाकडी घरांत चहा-कॉफी मिळते. नावेत लाइफ जॅकेट मागून घ्या आणि लहान मुलांना मधल्या बाकावर बसवा, इंजिनाजवळ आवाज कानठळ्या बसवणारा असतो.

नावेत बसवत नसेल त्यांच्यासाठी दुसरा पर्याय म्हणजे साओ चिंग चा, लाल रंगाचा उंच झोपाळ्याचा सांगाडा, आणि त्याच्याजवळचं देवस्थान, राजपुरोहितांचं १७८४ मधलं मंदिर. त्यात शिव, गणेश आणि विष्णू यांची देवळं आहेत आणि राजघराण्याचे विधी करणाऱ्या ब्राह्मणांची परंपरा आजही चालू आहे. पुढे वाट साकेतच्या टेकडीवर तीनशेहून जास्त सोप्या पायऱ्या चढून गेलं की शहर दिसतं. टेकडीवरच्या स्तूपात बुद्धाचे अवशेष आहेत, आणि ते उत्तर प्रदेशातल्या पिप्रहवा इथल्या उत्खननात सापडलेल्यांपैकी. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ब्रिटिश हिंदुस्थान सरकारने ते पाचव्या रामाला दिले.

संध्याकाळ आणि गाइडचा निरोप

पूर्ण दिवसाच्या टूर साधारण पाच-साडेपाचला संपतात. गाइडला माणशी शंभर बात, काम मनासारखं झालं असेल तर त्याहून जास्त, असं हातात द्यावं. बोटवाल्याला वेगळे पन्नास-शंभर. देताना नोट जमिनीवर पडली तर पायाने अडवू नका, तिच्यावर राजाचं चित्र असतं. निरोप घेण्याआधी त्याच्याकडून हॉटेलचं नाव आणि पत्ता थाय लिपीत लिहून घ्या, म्हणजे टॅक्सीवाल्याला दाखवता येतो. टॅक्सी मीटरनेच ठरवा किंवा ग्रॅब अ‍ॅपवरून बोलवा.

अंगात त्राण असेल तर मेट्रोने वाट मांगकोनला उतरून याओवारात, म्हणजे चायनाटाउन. सहा-साडेसहानंतर रस्त्याच्या कडेला हातगाड्या लागतात. शाकाहारींना फळं, भाजलेले चेस्टनट आणि डाळिंबाचा रस भरपूर. तिथलं वाट त्राइमित मात्र पाचला बंद होतं. साडेपाच टनांचा सोन्याचा बुद्ध त्या मंदिरात आहे. कित्येक वर्षं तो गिलाव्याखाली झाकलेला होता, १९५५ मध्ये हलवताना गिलावा फुटला आणि आतलं सोनं दिसलं. तो पाहायचा असेल तर दुसऱ्या दिवशी सकाळी वेगळा जा, मेट्रोच्या हुआ लाम्पोंग स्टेशनपासून पाच-सात मिनिटं चालत आहे. याच दिवसात तो कोंबला की वाट फो नाहीतर कालवे, यांतलं एक घाईत उरकावं लागतं.